समोर मांडलेले स्टूल

मी एक जुने घडीचे स्टूल आहे. चार लाकडी पाय आणि वर जाड कापड, एवढाच माझा जीव. एका सुतारमामांनी मला आपल्या भाचीसाठी घडवले. ही भाची माहितीपट काढते. तिच्यामागे ना कंपनी, ना माणसांचा ताफा. कॅमेरा तीच लावते आणि प्रश्नही तीच विचारते. उभे राहून गुडघ्यांची वाट लागेल, म्हणून मामांनी मला तिच्या हवाली केले. त्यांचे उपकार मी विसरलेले नाही.

मित्रांनो, बरीच वर्षे माझी जागा कॅमेऱ्याच्या मागे होती. वीटभट्टी, बंदर, इस्पितळाचा व्हरांडा, सगळीकडे मी तिच्या खांद्याला लटकून हिंडले. कुणी माझ्यावर चहाचे कप ठेवले, कुणी चिखलाचे पाय. "आपण पडद्यामागची माणसं," असे ती म्हणायची. त्या 'आपण'मध्ये मीही आलेच, असे मी धरून चालत असे.

मग तिने सूतगिरणीवर माहितीपट करायला घेतला. गिरणीत उभा जन्म काढलेल्या एका मावशींना त्यांची लेक आमच्याकडे सोडायला आली. जाताना ती वैतागून म्हणाली, की आईच्या मनात असेल तरच ती ऐकते, नाहीतर ढिम्म बसते.

तसेच झाले. भाचीने कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारला, मावशी गप्प. पुन्हा विचारला, तरी गप्प. शेवटी ती उठून त्यांच्यापुढे गेली, तेव्हा मावशींनी तिच्या ओठांकडे बोट केले.

"यंत्रांच्या खडखडाटात माझे कान गेले. ओठ बघून मला कळतं. तुझं तोंड तर त्या डब्याआड."

लेकीला मात्र त्यांनी हे कधीच सांगितले नव्हते. आई ओझे झाली असे तिला वाटेल, ही धास्ती होती.

समोर बसायचे तर चित्रात यावे लागणार होते. भाची घुटमळली, मग तिने मला उचलून मावशींच्या पुढ्यात मांडले आणि ती बसली. त्या दिवशी मावशी पोटभर बोलल्या. हे सगळे दाखवू का, असे तिने शेवटी विचारले.

"दाखव," मावशी म्हणाल्या. "माझ्या तोंडानं मला सांगवत नाही."

माहितीपट दाखवला त्या दिवशी खुर्च्या कमी पडल्या आणि लेकीच्या वाट्याला मी आले. पडद्यावर भाची दिसताच मामा पुटपुटले, सिनेमात यायचे होते तर जरा पावडर तरी लावायची. लोक हसले. मग मावशी बोलू लागल्या आणि माझ्यावर बसलेली लेक पार कडेला सरकून पडद्याकडे वाकली.

दिवे लागले. तिने मला उचलले, आईच्या समोर ठेवले आणि गुडघ्याला गुडघा भिडवून बसली.

"आई, इतकी वर्षं मी तुझ्या पाठीमागून ओरडत होते गं."

मावशींनी तो शब्दन् शब्द तिच्या ओठांवर वाचला आणि तिचा गाल कुरवाळला.

मित्रांनो, आता माझे कापड विरले आहे आणि एक पाय लंगडतो, पण मला तक्रार नाही. एवढे मोठे काम माझ्यासारख्या स्टुलाच्या नशिबी कुठून यायचे! फक्त एक मागणे आहे. घरातल्या थकल्या माणसांना दुसऱ्या खोलीतून हाका मारू नका. जवळ जा, समोर बसा, मग बोला. बसायला काहीही चालते.