जोसेफीनचं दुसरं लग्न आणि खिमाडाचा टोप

मुलाचं, वॉरेनचं, नादियाशी लग्न ठरलं त्या संध्याकाळी जोसेफीनने सगळ्यांना केक वाटला, नादियाच्या आईवडिलांना रिक्षापर्यंत सोडलं, आणि घरात परत येऊन नवऱ्याला म्हणाली, “या लग्नाचं खिमाड मी करणार.”

एडवर्डने टीव्हीचा आवाज कमी केला. असं तो सहसा करत नसे.

“एलेनला सांगितलंस?”

“तुझी बहीण आहे. तू सांग.”

एडवर्डने आवाज पुन्हा वाढवला.

खिमाड म्हणजे दारूत साखर, आलं, दालचिनी, लवंग घालून मंद आचेवर तापवलेलं पेय. लग्नाच्या आदल्या संध्याकाळी बॅण्ड लावून सगळे विहिरीवर नवरदेवासाठी पाणी भरायला जातात, आणि निघण्याआधी प्रत्येकाच्या हातात खिमाडाचा पेला असतो. चारकोप गावठाणातल्या या घराण्यात एवढ्या वर्षांत जितकी लग्नं झाली, त्या सगळ्यांचं खिमाड एलेनने केलं होतं. मोठा तांब्याचा टोप तिच्याकडे, कृती तिच्या डोक्यात, आणि ढवळताना ती स्वयंपाकघराचं दार लावून घ्यायची. जोसेफीन नाताळात द्राक्षांची, जांभळाची, आल्याची वाइन करायची आणि ती उत्तम व्हायची. साकीनाक्याच्या एका सरबताच्या कारखान्यात चव तपासण्यात तिचा जन्म गेला होता. पण एकुलत्या एका मुलाच्या लग्नात आपण नुसते पेले धुवायचे, ही कल्पना तिला सहन होईना.

एलेन दोन घरं सोडून राहायची. दुसऱ्या दिवशी सकाळी ती आपणहूनच आली, म्हणजे भिंतींच्या कानांनी काम केलं होतं.

“जोसे, तुला खिमाड करायचंय म्हणे.”

“माझ्या मुलाचं लग्न आहे, एलेनबाय.”

“माझा भाचा आहे. आणि तुझ्या हाताला लवंग कळत नाही.”

“माझ्या हाताला? तुमच्या मर्विनच्या लग्नात अर्धा बॅण्ड तोंड भाजल्यासारखा वाजवत होता!”

वॉरेन आणि नादिया सोफ्यावर बसून फोनवर शेतीचा गेम खेळत होते. त्यात एक छोटं गाव असतं. आपण शेत करायचं, माल विकायचा. नादिया मान वर न करता म्हणाली, “यातच सोक्षमोक्ष लावा ना. दोघींना याच गावात एकेक शेत देतो. शरद ऋतू संपताना व्यापाऱ्याचं जहाज येतं. दारू विकून जिचा नफा जास्त, खिमाड तिचं.”

ती थट्टा करत होती. पण दोघी बायका एकमेकींकडे बघत राहिल्या आणि एलेन म्हणाली, “मला तो मोठा टॅब लागेल. फोनवर दिसत नाही.”

अशी शर्यत सुरू झाली.

एलेनने पहिल्याच दिवशी हॉप्स लावले. हॉप्सची बियर होते, बियर लवकर तयार होते, आणि एका वेलाला रोज तोडा मिळतो, हे तिने नादियाकडून गोडीगुलाबीने काढून घेतलं. तिच्या कोठारात पिंपांच्या रांगा लागल्या. जोसेफीनने द्राक्षं लावली. द्राक्षं येईपर्यंत वसंत गेला, वाइन होईपर्यंत उन्हाळा अर्धा झाला. पण या गेममध्ये वाइन तळघरात जितकी मुरेल तितका भाव चढायचा, आणि मुरवण्याइतका धीर जगात आपल्याखेरीज कोणाकडे नाही अशी जोसेफीनची खात्री होती.

“मम्मी, मस्त चाललंय,” वॉरेन म्हणाला. “आता एकही बाटली हलवू नकोस.”

“पहिली बाटली शेजारी द्यावी लागेल.”

“कुठल्या शेजारी?”

तिने पडद्यावर बोट ठेवलं. तिच्या शेताशेजारी पाववाल्या बाईचं घर होतं.

“ते प्रोग्राम आहेत, मम्मी.”

“असू देत. वाइन केली आणि शेजाऱ्याला दिली नाही, असं या घरात झालेलं नाही. उद्या गाव काय म्हणेल?”

“गाव काही म्हणत नाही! त्यांना चारच वाक्यं येतात!”

जोसेफीनने पाववालीला बाटली दिली. पाववाली आनंदाने उडी मारून म्हणाली, ‘अगंबाई, माझ्यासाठी?’ हे जोसेफीनला फार आवडलं. मग एकीला दिली म्हणून लोहाराला दिली, लोहाराला दिली म्हणून मास्तरणीला, आणि टेकडीवरच्या एकट्या राहणाऱ्या पोस्टमनला तर दर वेळी दिली, कारण तो बारीक होता आणि घरी त्याचं कोणी नव्हतं. पोस्टमनचं नाव हेक्टर. मिशी टोकदार, टोपी निळी. वाइन मिळाली की त्याच्या डोक्यावर लाल बदाम यायचे.

“हे बदाम कशाचे?” जोसेफीनने विचारलं.

“खूश आहे तो,” नादिया म्हणाली, आणि वॉरेनकडे बघून ओठ दाबून हसली.

इकडे एलेनची बियर भराभर खपत होती. ती रोज संध्याकाळी टॅब काखेत मारून यायची, चहा घ्यायची आणि जाताना म्हणायची, “जोसे, टोप घासून ठेवलाय गं. मलाच लागणार म्हणून.”

शरद ऋतूच्या मध्याला नादियाने हिशेब मांडला. एलेन इतकी पुढे होती की जोसेफीनने सगळं तळघर रिकामं करून विकलं तरी ती मागेच राहणार होती. वाइन अजून कोवळी होती. मुरायला वेळ नव्हता.

“वाट लागली,” वॉरेन म्हणाला.

 जोसेफीन मनात पेले धुवायला लागली होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी, भात शिजत असताना, पडद्यावर तिच्या दाराशी हेक्टर उभा राहिला. गुडघा टेकून त्याने अंगठी पुढे केली. खाली दोन चौकोन आले: ‘हो’ आणि ‘विचार करते’.

जोसेफीनने किंचाळून गॅस बंद केला.

“मम्मी, हा लग्नाला विचारतोय!” वॉरेन हसून जमिनीवर लोळायचा बाकी होता. “एवढी वाइन पाजलीस, दुसरं काय होणार?”

“गप रे. वाइन दिली म्हणून कोणी लग्न करतं का?”

नादिया मात्र सरळ बसली. “थांबा. हेक्टरला ‘हो’ म्हटलं की लगेच त्याचं घर मिळतं, आणि त्याच्या घराखाली जुनं तळघर आहे. त्यात वाइन दुप्पट वेगाने मुरते. आंटी, तुम्ही जिंकू शकता!”

 जोसेफीनने एडवर्डकडे पाहिलं. एडवर्ड बिस्किटं खात होता.

“तुला काय वाटतं?” तिने विचारलं.

“मला कशाला विचारतेस? गेम आहे.”

“म्हणजे करू?”

“कर.” त्याने आणखी एक बिस्कीट घेतलं. थोड्या वेळाने म्हणाला, “दिसायला कसा आहे?”

“केस आहेत.”

एडवर्डने डोक्यावरून हात फिरवला. “पोस्टमनला पेन्शन तरी असते का?”

“डॅडी, तो प्रोग्राम आहे.”

“ते मला कळतं. मी सहज विचारतोय.” आणि तो बाल्कनीत जाऊन उभा राहिला. परत आला तेव्हा त्याने केसांना तेल लावलं होतं, जितके होते तितक्यांना.

जोसेफीनने डोळे मिटून ‘हो’ दाबलं. लग्नाची तारीख पडली, तीही जहाज येण्याच्या आदल्या दिवसाची. तिने सगळी पिंपं हेक्टरच्या तळघरात हलवली आणि आयुष्यात पहिल्यांदा चर्चमध्ये कन्फेशनला जाऊन फादरना काय सांगायचं याचा विचार केला.

बातमी दोन घरं ओलांडून पोचेपर्यंत गेममध्ये लग्नाचा दिवस उजाडला. एलेन पायांत एकाच जातीची पण दोन वेगळ्या रंगांची स्लिपर घालून आली.

“जोसे! माझा भाऊ जिवंत आहे!”

“त्याला विचारलंय मी.”

“एडी! तू परवानगी दिलीस?”

“तिला तळघर हवंय,” एडवर्ड म्हणाला.

एलेन धप्पकन बसली. तिने चष्मा लावून टॅबमध्ये गावचा चौक उघडला. चौकात पताका लागल्या होत्या, लांब टेबल मांडलं होतं. टेबलावर फुलं होती. दुसरं काही नव्हतं.

“फादर कुठाय?”

“सरपंच लावतो लग्न,” नादिया म्हणाली.

“कोर्ट मॅरेज!” एलेनने कपाळावर हात मारला. “आणि पाहुण्यांना काय देणार?”

“काही नाही. नुसतं गाणं होतं आणि सगळे नाचतात.”

“सुकं?”

“हो, सुकंच.”

एलेनचा चेहरा हळूहळू बदलत गेला. जोसेफीनने तो चेहरा ओळखला. लग्नाच्या घरात आचारी पळून गेल्याचं कळलं की एलेन अशी दिसायची.

“आमच्या घरची सून उभी राहणार, आणि गाव कोरड्या घशाने घरी जाणार? उद्या मला तोंड दाखवायला जागा राहील का?”

“कोणाला दाखवायचंय तोंड, आंटी?” वॉरेन म्हणाला.

पण ती ऐकत नव्हती. पडद्यावर लग्नाची घंटा वाजली. हेक्टर निळी टोपी काढून उभा राहिला, जोसेफीनच्या छोट्या बाहुलीने पांढरा झगा घातला. आणि एलेनची बाहुली कोठाराकडून चौकाकडे धावत सुटली, परत गेली, पुन्हा धावत आली. दर खेपेला टेबलावर एक पिंप वाढत होतं.

“आंटी, थांबा!” वॉरेन ओरडला. “टेबलावर ठेवलेलं परत मिळत नाही! ती उद्या जहाजावर विकायची बियर आहे!”

“लग्नात बियर विकतात का रे मेल्या?” एलेन ओरडली आणि शेवटचं पिंप ठेवलं.

सगळं गाव टेबलाकडे वळलं. पाववाली उडी मारून म्हणाली, ‘अगंबाई, माझ्यासाठी?’ लोहार म्हणाला, ‘अगंबाई, माझ्यासाठी?’ एलेन खुर्चीवर मागे रेलली, घामाघूम आणि तृप्त.

“आता कसं लग्नासारखं वाटतंय,” ती म्हणाली.

मग तिने नादियाकडे पाहिलं, नादियाने वॉरेनकडे, वॉरेनने छताकडे. एलेनचं कोठार रिकामं होतं. दुसऱ्या दिवशी जहाज आलं, जोसेफीनची मुरलेली वाइन चढ्या भावाने गेली, आणि आधी विकलेल्या बियरचा नफा धरूनही एलेन थोडक्यात हरली.

“मी मुद्दाम नाही केलं हे,” जोसेफीन म्हणाली. तिला खरंच वाईट वाटत होतं, पण फार नाही.

“मला माहीत आहे. मुद्दाम करण्याइतकी तू हुशार नाहीस.” एलेन उठली. “वॉरेनला पाठव. टोप जड आहे.”

लग्नाच्या आदल्या संध्याकाळी जोसेफीनने स्वयंपाकघराचं दार लावून घेतलं. एलेन बाहेर स्टुलावर बसली. जोसेफीनने मसाला तोलून मापून घातला, चमच्याने चव घेतली, विचार केला, आणि थोडी दारू वाढवली. पुन्हा चव घेतली. पुन्हा विचार केला. दार उघडलं तेव्हा तिचे गाल लाल झाले होते आणि बोलणं जरा सावकाश झालं होतं.

पहिला पेला तिने एलेनला दिला. एलेनने एक घोट घेतला. डोळे पाण्याने भरले. तिने छातीवर हात ठेवला.

“लवंग बरोबर आहे,” ती कशीबशी म्हणाली. “पण बॅण्डवाल्यांना अर्धाच पेला दे.”

जोसेफीनने त्यांना भरून दिला. पुन्हाही दिला. मिरवणूक वाजतगाजत निघाली, पाण्याच्या कळशा घेऊन बायका पुढे, आणि गल्लीच्या टोकाला कर्णेवाला विहिरीकडे डावीकडे वळायच्या ऐवजी ठामपणे उजवीकडे वळला. ढोलवाला त्याच्यामागे गेला. सगळी वरात त्यांच्यामागे औद्योगिक वसाहतीच्या रस्त्याला लागली.

“अरे, विहीर तिकडे!” एलेन ओरडली. “जोसे, थांबव त्यांना!”

जोसेफीनने कळशी कमरेवर नीट सावरली आणि बॅण्डच्या तालावर पाऊल टाकलं.

“राहू देत, एलेनबाय,” ती म्हणाली. “खिमाड माझं आहे. जिथे नेईल तिथे पाणी बघू.”