दूताच्या गालावर

"थप्पड नाही म्हणजे नाही," पान्देलिस ग्रिवाकोस म्हणाला. "दूत आहे मी. बातमी आणतो, सांगतो, जातो. राजाचे हात शिवशिवत असतील तर त्याने खांबाला मारावं."

"बार्बा, लोक तुम्हाला बघितल्याबरोबर हसणार," दिग्दर्शक अल्किस म्हणाला. तो पॅरिसला शिकून आला होता, त्यामुळे म्हाताऱ्यांना 'बार्बा', म्हणजे काका, म्हणत समजावताना डोळे मिटून घ्यायचा. "हसणारच आहेत, तर ते हसू वापरू या ना! थप्पड बसते, तुम्ही तुमचं ते नेहमीचं पडता, लोक खदखदतात, आणि मग मरणाची बातमी. हसू घशात अडकतं. कळतंय का?"

"कळतंय. तुला माझं पडणं हवंय. बोलणं वर फुकट मिळतंय म्हणून घेतोयस."

अथेन्सच्या कडेला, जुन्या दगडखाणीतल्या उघड्या थिएटरात तालीम चालली होती. कोरसमधल्या बायका डोक्यावर वर्तमानपत्रं धरून उन्हात बसल्या होत्या आणि नाटकापेक्षा हे बरं म्हणून ऐकत होत्या.

तरुणपणी नाट्यशाळेच्या परीक्षेत पान्देलिसने असंच एका दूताचं भाषण केलं होतं. परीक्षक रडले होते, असं तो सांगे. त्यांच्यातलं कोणी आता हयात नसल्यामुळे ते खरं मानायला हरकत नव्हती. मग तो सिनेमात गेला. पहिल्याच सिनेमात किराणावाला झालेल्या त्याच्या कानाखाली नायकाने वाजवली आणि हा फळीसारखा ताठ, टोपीसकट, ऑलिव्हच्या पिंपात पडला. सगळा ग्रीस पोट धरून हसला. त्यानंतर तो किराणावाला असो, हवालदार असो की मुलीचा बाप, निर्माते संवाद लिहायचे कष्ट घेईनासे झाले. 'इथे पान्देलिस पडतो,' एवढं पुरे. नायकांनी किफिसियाच्या श्रीमंत वस्तीत बंगले बांधले. पान्देलिसची कंबर गेली.

हे सिनेमे टीव्हीवर दर ईस्टरला लागत. बेकरीवाली पाव देता देता त्याच्या गालावर लाडाने चापट मारी.

"लोकांचं प्रेम आहे, चिडतोस कशाला?" बायको मेरोपी म्हणे.

"प्रेम आहे म्हणूनच चिडतो. नुसता अपमान असता तर उलटून मारली असती."

आता उतारवयात, कुणीतरी आजारी पडलं म्हणून, त्याला शोकांतिकेतला दूत मिळाला होता. चार मिनिटांचं भाषण. एवढं एकदा लोकांनी ऐकावं, बाकी काही नको होतं.

"बरं, नाही थप्पड," शेवटी अल्किस म्हणाला, आणि राजाचं काम करणाऱ्या फिवोसला बाजूला घेऊन बराच वेळ कुजबुजला. फिवोस म्हणजे तोच तो पिंपाजवळचा नायक. केस अजून काळे होते, कलपाच्या बाटलीच्या कृपेने.

पहिल्या प्रयोगाला पायऱ्या गच्च भरल्या. धुळीने माखलेला पान्देलिस रंगमंचावर आला आणि एक शब्द बोलायच्या आत टाळ्या पडल्या. ओळखीचा चेहरा दिसला की टाळी द्यायची, ही इथली रीत. पाठोपाठ हसू. "अरे, किराणावाला!" वरून कोणी ओरडलं. "फिवोस, दे त्याला!"

पान्देलिस थांबला. सगळं शांत होईपर्यंत थांबला.

"राजा," तो म्हणाला, "तुझा मुलगा समुद्राने परत दिला नाही."

फिवोसचा हात आला. सिनेमात हात नुसता चाटून जायचा, उरलेलं काम पडणारा करायचा. हा नीट बसला. खाणीच्या भिंतीवरून आवाज परत आला, आणि हजारो माणसं पडणं बघायला पुढे वाकली.

पान्देलिसचा डावा गुडघा सवयीने वाकला. त्याने तो सरळ केला.

कुणी हसलं, पण अर्धंच. पायऱ्यांवर चाललेला भोपळ्याच्या बिया फोडून खाण्याचा आवाज बंद झाला. पान्देलिस बोलत राहिला. होडी कशी उलटली, मुलाने कुणाला हाक मारली, किनाऱ्यावर नुसती चप्पल कशी आली. आवाज चढवला नाही. सगळं भाषण त्याने फिवोसच्या डोळ्यांत बघून केलं. फिवोस पुढचं वाक्य विसरला. लोकांना वाटलं, बापाचं दुःख.

तो आत आला तेव्हा पाठीमागे कुणी टाळी दिली नाही.

नाटक संपताच अल्किस धावत आला. डोळे चक्क उघडे होते. "बार्बा, काय केलंत! न पडणं! अगदी हेच माझ्या डोक्यात होतं!"

"डोकं तुझं होतं, तर गालही तुझाच वापरायचा होतास."

बाहेर नट ओळीने नमस्काराला उभे राहिले होते. पायऱ्यांवरून पुकारा सुरू झाला, "किराणावाला! किराणावाला!"

"चला, बोलावताहेत तुम्हाला."

"मला कुठे? त्याला बोलावताहेत." पान्देलिस बूट घालू लागला. "घरी गेला म्हणून सांग."

पुकारा बराच वेळ चालला. फिवोस वाकला, राणी वाकली, अल्किस दोनदा वाकला. ओळीच्या टोकाला एका माणसापुरती जागा रिकामी होती. कोरसमधल्या बायकांना सरकून उभं राहायला कुणीतरी खुणावलं. त्या सरकल्या नाहीत.