पलंगामागची भिंत

भिंतीला दुसरा हात मारून त्याने रोलर उचलला, तसा रंगही सोबत उचलला गेला. हातभर पापुद्रा सुटून लोंबू लागला आणि खालचा जुना निळा रंग जसाच्या तसा दिसला. धाकट्याच्या तोंडचं पाणीच पळालं. बाकी तीन भिंती झकास झाल्या होत्या, आणि वहिनी आजच दवाखान्यातून घरी यायची होती.

पलंगामागच्या या भिंतीला वहिनी वर्षानुवर्षं डोकं टेकून बसायची. तिच्या केसांचं तेल रंगात पार मुरलं होतं. आधी साबणाने धुवायचं, घासून खरखरीत करायचं, मगच नवा रंग लावायचा, हे डब्यावर लिहिलेलंही होतं. पण वाचायला वेळ कुणाला होता?

आई गेली तेव्हा तो शाळेतही जात नव्हता. वहिनी लग्न होऊन आली आणि आल्या आल्या हे पोर तिच्या गळ्यात पडलं. तिने कधी तोंड वाकडं केलं नाही. आभार मानायला गेलं की, "पुरे रे," म्हणून उडवून लावायची. म्हणून आता तोंडाने नाही, हाताने. तिने दारात पाऊल टाकावं आणि आपली खोली तयार पाहावी, एवढंच त्याला हवं होतं.

दार वाजलं. दादाच्या दंडाला धरून वहिनी आत आली. आजाराने निम्मी झाली होती. तिने तीन भिंती पाहिल्या, मग चौथी.

"धुतली नाहीस ना, शहाण्या?"

त्याने मान खाली घातली.

"असू दे," दादा म्हणाला. "तुझं अंथरूण बाहेर घातलंय. चल, पड जरा."

वहिनी हलली नाही. पापुद्र्याचं टोक धरून तिने तो सावकाश सोलून काढला. मग खुर्ची ओढून भिंतीशी बसली आणि बाह्या वर सारल्या.

"साबणाचं पाणी आण. आणि पॉलिश पेपर."

"अगं, डॉक्टर काय म्हणाले?"

"बसून हात हलवू नको, असं नाही म्हणाले." ती धाकट्याकडे वळली. "इतके दिवस नुसती पडून होते रे. पाणीसुद्धा दुसऱ्याने पाजायचं. बरं झालं, माझ्यासाठी काहीतरी शिल्लक ठेवलंस."

दादाने त्याच्याकडे डोळे वटारले. धाकट्याने बादली आणली.

भिंत धुऊन वाळल्यावर त्याने पॉलिश पेपर फाडून अर्धा तिच्या हातात दिला. खालचा भाग तिने घेतला, वरचा त्याने. चार वेळा घासलं की तिला थांबावं लागे. त्याने आपलाही हात आवरता घेतला.

थोड्या वेळाने वहिनीने वर पाहिलं.

"मुद्दाम हळू घासतोयस."

"हो."

"चालेल," ती म्हणाली, आणि पुन्हा भिंतीकडे वळली.