राजवाडा आणि चौदा जोड बूट

आज ऊर्मिलेचा फैसला होता. हॅम्बुर्गमध्ये कालव्याकाठी एक गॉथिक राजवाडा आहे; आता तिथे पंचतारांकित हॉटेल आहे. पाहुण्यांना इतिहास सांगत तो राजवाडा फिरवून दाखवायचं काम तिला सहा महिन्यांच्या प्रोबेत्साइटवर, म्हणजे उमेदवारीवर, मिळालं होतं. आजच्या फेरीला डायरेक्टर फ्राऊ लिंडनर जातीनं येणार आणि मग ठरवणार, हिला कायम करायचं की नारळ द्यायचा.

सासरे पद्माकरराव पुण्याहून आलेले. पाणीपुरवठा खात्यात तेहेतीस वर्षं काढलेला माणूस, पण सुनेपेक्षा जास्त उत्साहात. सकाळी सहालाच इस्त्रीचा शर्ट घालून तयार. नुसता मागे उभा राहीन, एक शब्द बोलणार नाही, असं त्यांनी कबूल केलं होतं. तोंड त्यांनी बराच वेळ खरंच ताब्यात ठेवलं. पायांचं काही ठरलं नव्हतं.

हॉटेलच्या माहितीपत्रकात राजवाडा ‘शतकानुशतकांचा’ होता. खरं म्हणजे तो एका साबणवाल्यानं एकशेतीस वर्षांपूर्वी बांधला, आणि बांधतानाच जुना बांधला. पुढे तिथे इस्पितळ झालं, मग करखातं आलं आणि शेवटी हॉटेल. साबण आणि करखातं, दोन्ही पाहुण्यांसमोर काढायचं नाही अशी ताकीद होती. ऊर्मिला पाठ केलेलं जर्मन घडाघडा म्हणत बारा पाहुण्यांना घेऊन प्रार्थनाघरात शिरली.

मागून पद्माकरराव आले. समोर मेरीची लाकडी मूर्ती, पुढे मेणबत्ती. त्यांनी उंबऱ्याबाहेर बूट काढले आणि भिंतीशी नीट लावून ठेवले. शेवटच्या पाहुण्यानं ते पाहिलं. गाइडबरोबर आलेला माणूस काढतोय म्हणजे नियम असणार. आणि नियम दिसला की तो कुणी केला हे विचारायची त्या देशात पद्धत नाही. तो मागे फिरला, त्याचं बघून बाकीचेही फिरले. फ्राऊ लिंडनर यांनीही क्षणभर थांबून आपले बूट रांगेत ठेवले.

पाच मिनिटांनी बूट गायब. त्या हॉटेलात दाराबाहेर ठेवलेल्या बुटांचा अर्थ एकच: पॉलिश. तत्पर कर्मचाऱ्यांनी चौदाही जोड तळघरात नेले होते. फोन केला तर उत्तर आलं, पॉलिश सुरू झालंय, चाळीस मिनिटं लागतील.

ऊर्मिलेचं प्रार्थनाघरापुरतं पाठांतर तर केव्हाच संपलं होतं. समोर मोज्यांतली चौदा माणसं, त्यांत तिचं भवितव्य ठरवणारी एक. तिनं सासऱ्यांकडे पाहिलं, तर ते पाऊल टेकत, सरकत, पुन्हा टेकत फरशीवरून चालले होते. गळती शोधताना चालायचे तसे.

“ऊर्मिला,” ते मराठीत म्हणाले, “ही फरशी गार, ही नाही. मूर्तीपासून त्या भिंतीपर्यंत सरळ पट्टा गार आहे. खाली पाणी आहे.”

दफ्तरखान्यात पाहिलेला जुना नकाशा तिला आठवला. त्यात इथे प्रार्थनाघर नव्हतंच, कालव्याचा फाटा होता. पत्रकात बसत नाही म्हणून तिनं तो कधी काढला नव्हता.

“सगळ्यांनी मूर्तीसमोर या,” ती म्हणाली, “आणि पायांनी बघा.”

मग तिनं पाठांतर सोडून दिलं. साबणाच्या होड्या थेट घरात शिरत, तो धक्का हाच. मालकाला लोक साबणवाला म्हणून हसायला लागले तेव्हा त्यानं पाण्यावर फरशी घातली आणि रातोरात धार्मिक झाला. तिनं करखातंही सोडलं नाही. लोक हसत होते, प्रश्नांवर प्रश्न विचारत होते. एक निवृत्त न्यायाधीश चक्क पालथे पडून फरशीला कान लावून म्हणाले, वाहतंय. मग सगळेच पडले. फ्राऊ लिंडनर शेवटी, पण सगळ्यांत जास्त वेळ.

बूट आले तेव्हा कुणाला घाई नव्हती.

“हे आपल्या मजकुरात नाही,” फ्राऊ लिंडनर गुडघे झटकत म्हणाल्या.

“नाही,” ऊर्मिला म्हणाली.

“सोमवारपासून मजकुरात घाला. करार कायमचा करते. आणि बूट बाहेरच काढायचे.”

पद्माकरराव मात्र स्वतःच्या बुटांत तोंड दिसतंय का ते बघत होते. दिसत होतं.

सोमवारी ते पुन्हा फेरीला हजर झाले. या वेळी हातात पिशवी होती आणि पिशवीत सिद्धेशचे, म्हणजे त्यांच्या मुलाचे, तीन जोड.