जन्नतच्या मांडीवर, मस्कतपर्यंत

मित्रांनो, मी एक जुने, जाडजूड आणि जरासे चुकून तयार झालेले पुस्तक आहे. रत्नागिरीच्या एका वाचनालयात मी राहतो. चुकून कसे, ते आधी सांगतो.

मुळात आम्ही दोन पुस्तके होतो. एक होते विमानप्रवासाची भीती घालवण्याचे मार्गदर्शक. दुसरी होती एका बाईने लिहिलेली कादंबरी. तिच्यातल्या वत्सला नावाच्या नर्सला परदेशी नोकरी मिळते, पण तिच्या वतीने घरातले सगळेच ‘ती घाबरते हो’ असे सांगत राहतात. एका वर्षी कपाटाला वाळवी लागली आणि आम्हा दोघांची मुखपृष्ठे गेली. बांधणी करणारे भागोजीकाका तेव्हा मोतीबिंदूने बेजार होते. दोन्हींच्या पहिल्या पानावर त्यांना ‘उड्डाण’ हा शब्द दिसला. भाग एक, भाग दोन समजून त्यांनी आम्हाला एकत्र शिवले, खळ लावली आणि हिरव्या पुठ्ठ्यात बसवले. शिवण मात्र इतकी पक्की, की उसवून वेगळे करायला कोणी धजले नाही.

पहिल्या दोन-तीन वाचकांनी माझे कौतुक केले ते केवळ गंमत म्हणून. मग कोणी विचारेना. वाचनालय सांभाळणाऱ्या मथुराताईंनी शेवटी मला रद्दीच्या गठ्ठ्यावर ठेवले. सुतळी बांधायची तेवढी राहिली होती.

त्या सोमवारी सकाळी जन्नत आली. ती राजिवड्यात राहायची, वय पंचेचाळीसच्या आसपास. मासिके न्यायला ती नेहमी यायची. आज ती टेबलापाशी वाकून हलक्या आवाजात म्हणाली, “मथुरा, विमानाची भीती जायचं पुस्तक असतं का गो?”

मथुराताईंनी चष्मा काढला. “काय झालं?”

“आमच्या मनालचा बीपी उतरत नाय. आठवा महिना. डॉक्टर गुरुवारी ऑपरेशन करून बाळ काढणार. जावई समुद्रात, तेलाच्या कामावर आहे, त्याला शनिवारशिवाय सुटका नाय. पोरगी एकटी आहे मस्कतला.”

मथुराताईंनी मला गठ्ठ्यावरून उचलले आणि पदराने पुसले. “हे आहे. पण भागोजीकाकांनी त्यात एक कादंबरी शिवून ठेवलीय. अर्धंच वाच.”

माझ्यात एकवीस दिवसांचा अभ्यास होता आणि जन्नतकडे होते दोन दिवस.

घरी गेल्यावर मला कळले की ही भीती आजची नाही. जन्नतचा नवरा करीम कुवेतला बावीस वर्षे क्रेन चालवून परत आला होता. वीस वर्षांपूर्वी त्याने बायकोला तिकडे बोलावले होते. चार वर्षांच्या मनालचा हात धरून जन्नत विमानाच्या दारापर्यंत गेली, आणि तिचे पाय पुढे उचललेच नाहीत. ती परत फिरली. लग्नकार्यात करीम हा किस्सा रंगवून सांगायचा. सगळे हसायचे, जन्नतही हसायची. पुढे कुठे जायचे निघाले की तिला कोणी विचारायचेही नाही.

दुपारी मनालचा फोन आला. बाळंतपणासाठी आई-बापाचे पासपोर्ट-व्हिसा तिने आधीच करून घेतले होते. मी जेवणाच्या टेबलावर पालथा पडलो होतो.

“अम्मी, तू येशील?”

जन्नतने करीमकडे बघितले. करीमने फोन घेतला. “तुझी अम्मी कशी येणार गो? मी येतो.”

पलीकडून मनाल म्हणाली, “अब्बा, तुम्ही रागावू नका. मला अम्मी पाहिजे.”

जन्नतने मला उचलले आणि ती मागच्या पडवीत जाऊन बसली. चार आकडे मोजत श्वास आत, सहा मोजत बाहेर. मुठी आवळा, सैल सोडा. ती सगळे नेमाने करत होती. माझ्यात पुढे लिहिले आहे, की हवेतले धक्के म्हणजे रस्त्यातल्या खड्ड्यांसारखे असतात. मुंबई-गोवा महामार्गावरून गेलेल्या बाईला या वाक्याने काय धीर येणार? मला माझीच लाज वाटली.

मंगळवारी ती वाचता वाचता मार्गदर्शक संपवून नकळत कादंबरीत शिरली. एका पानावर वत्सला म्हणते, ‘भीती माझी होती, पण तिचा उपयोग घरातले सगळे करत होते.’ जन्नत तिथे थांबली. तिने ते वाक्य पुन्हा वाचले आणि पानाचा कोपरा दुमडला. मित्रांनो, कोपरा दुमडलेला मला मुळीच आवडत नाही. त्या दिवशी मात्र मी काही मनावर घेतले नाही. ती उठून आत गेली आणि करीमला म्हणाली, “तिकीट माझ्या नावाचं काढा.”

बुधवारी करीमने तिला गाडीने गोव्यातल्या मोपाच्या विमानतळावर आणले. मी तिच्या पर्समध्ये होतो. दारापाशी तो म्हणाला, “परत फिरलीस तरी लाजू नकोस. विमान सुटेपर्यंत मी इथंच उभा आहे.”

जन्नतचे ओठ पांढरे पडले होते. “तुम्ही जावा घरी,” ती म्हणाली. “तुम्ही उभे राहिलात तर मी परत फिरेन.”

किस्सा सांगणारा तो करीम हा नव्हता. तिच्या खांद्याला हलकेच हात लावून तो गाडीकडे वळला. गाडी दिसेनाशी होईपर्यंत ती तशीच उभी राहिली आणि मग आत गेली.

विमानाच्या दारात तिचे पाय पुन्हा थांबले. मागे रांग खोळंबली. कोणीतरी “ओ ताई, चला” म्हणाले. तिने मला पर्समधून काढून छातीशी धरले. माझ्या पुठ्ठ्यावर तिचे ठोके आदळत होते. एक पाऊल. मग दुसरे.

समुद्रावर गेल्यावर विमान हलू लागले. पट्टे बांधायची सूचना झाली. एकदम खाली गेल्यासारखे झाले तशी जन्नतने माझे पान उघडले, पण अक्षरे नाचत होती आणि मोजणी तीनवरच अडत होती. तिला काही उपयोग होईना. मी नुसता तिच्या हातात होतो, एवढेच.

शेजारच्या खुर्चीत चिपळूणकडची सखू होती. मस्कतला एका घरी स्वयंपाकाला जायची. तिने जन्नतचा हात पकडला. तिचाही हात बर्फासारखा होता.

“पहिल्यांदा काय?” सखूने विचारले.

“हो. तुम्ही?”

“माझी नववी खेप. नऊ वेळा घाबरलेय.”

“मग जाता कशाला?”

“काम तिकडं आहे ना,” सखू म्हणाली आणि तिने डोळे घट्ट मिटून घेतले.

चाके जमिनीला लागेपर्यंत दोघींनी एकमेकींचे हात सोडले नाहीत. मी दोघींच्या कोपरांमध्ये चेमटलो होतो.

गुरुवारी दवाखान्यात मनालला आत न्यायची वेळ आली. तिचा चेहरा सुजला होता. “अम्मी,” ती कुजबुजली, “भीती वाटते गो.”

माझ्यात अशा वेळी म्हणायची सात वाक्ये छापलेली आहेत. जन्नतने त्यातले एकही म्हटले नाही. “वाटू दे,” ती म्हणाली. “मी आहे इथं.”

दार बंद झाले. पुढचा पाऊण तास जन्नत माझी पाने न वाचता उलटत राहिली. मग एक नर्स बाहेर आली. मुलगी झाली होती, जेमतेम पावणेदोन किलोची. तिला काचेच्या पेटीत ठेवले. मनालचा बीपी उतरायला आणखी दोन दिवस लागले. शनिवारी जावई तहा आला, तेव्हा जन्नत पेटीशेजारीच बसलेली होती. अकराव्या दिवशी मनाल बाळाला घेऊन घरी आली.

अडीच महिन्यांनी जन्नतने मला वाचनालयात परत आणले. मथुराताईंनी विचारले, “गेली का भीती?”

“नाय गो. येतानापण हात गार पडले होते. पण आले ना मी?”

मथुराताईंनी मला पुन्हा कपाटात लावले. तेव्हापासून मी तिथेच आहे.

मित्रांनो, माझी एवढीच विनवणी आहे. जुने पुस्तक चुकलेले दिसले तरी रद्दीत देण्याआधी एकदा उघडून बघा. ओल्या हातांनी धरू नका, कोपरे दुमडू नका. आणि तुमच्या घरात कोणी कशाला घाबरत असेल, तर त्याचा किस्सा करून सांगू नका. कुठे जायचे ठरले की त्यालाही विचारा. दर वेळी विचारा.