संकष्टीची अर्धी पोळी

मस्कतच्या बाहेर माबेल्यात मी रोज चाळीस डबे करते. हाताखाली मलावीहून आलेली चिकोंडी. येऊन जेमतेम तीन आठवडे झालेत. कामाला वाघ, पण तोंडातून शब्द निघेल तर शपथ.

त्या दिवशी संकष्टी होती. डबे गेल्यावर तिचं ताट वाढलं आणि मी पाणी पिऊन बसले.

"नूतन मॅडम, तुमचं ताट?"

आता संकष्टी इंग्रजीत समजावायची म्हणजे डोक्याला ताप. मी आपलं सांगून टाकलं, "भूक नाही."

तिचा चेहरा पडला. ताट सरकवून म्हणाली, "मलाही नाही."

असा राग आला! मऊसूत पोळ्या, भरली वांगी, आणि हिचे नखरे. "खायचं तर खा," म्हणून मी आडवी झाले.

चार वाजता उठते तर ही उशाशी उभी, हातात तेच ताट. "तुम्ही खा. मला सवय आहे."

"कसली सवय?"

तेव्हा ती बोलली. गावाकडे नवा मका निघायच्या आधी दोन-तीन महिने पीठ पुरत नाही. दिवसातून एकदाच चूल पेटते. मुलांना वाढून आई म्हणते, भूक नाही. "दरवर्षी म्हणायची. मला दरवर्षी खरं वाटायचं."

मी ताडकन उठले. तिला ओढत स्वयंपाकघरात नेलं, पिठाची गोणी दाखवली, फ्रीज उघडला. "अगं, भरपूर आहे! देवासाठी उपास केलाय मी."

"देवाला जेवण हवंय?"

"नाही गं. चंद्र दिसला की देवाला मोदक दाखवायचे आणि आपणच खायचे."

"मग आत्ताच का नाही खात?" ती खो खो हसत सुटली. मीही हसले. पण ताट काही तिनं खाली ठेवलं नाही.

सोळा वर्षांत माझी संकष्टी मोडली नव्हती. "बाप्पा, तू समजून घेशील, ही नाही घेणार," म्हटलं आणि पोळी मोडून अर्धी तिला दिली. मी घास गिळेपर्यंत ती माझ्याकडे बघत राहिली, मगच स्वतः खाल्लं.

हात धुऊन तिनं आईला व्हिडिओ कॉल लावला. बोलता बोलता मला सांगितलं, "जेवले म्हणते. मी म्हटलं, ताट दाखव."

पडद्यावर मक्याच्या पिठाचा पांढरा गोळा आणि पालेभाजी दिसली. तेवढ्यानं चिकोंडीचं समाधान होईना. तिनं आणखी काहीतरी दटावून सांगितलं.

आणि ती बाई, लेकीला चार शिव्या हासडत, आमच्या देखत सगळं ताट जेवली.