कापून ठेवलेले सातवे रीळ

मित्रांनो, मी एक जुने रीळ आहे, एका इराणी चित्रपटाचे सातवे आणि शेवटचे. धुळ्याला भटूभाऊंच्या माळ्यावर गंजक्या डब्यात पडून असते. गल्लीत भंगारवाल्याची हाक आली की माझा थरकाप होतो.

माझ्यात जमशेद नावाचा नट आहे. तो तेहरानच्या बेकरीत पाव भाजायचा. गर्दीच्या दृश्यांत उभा राहून तो सिनेमात शिरला. पंधरा वर्षे चोर, शिपाई असली फुटकळ कामे केली, तेव्हा कुठे एकदाचा नायक झाला. खोटा आळ आलेला हमाल! माझ्यात त्याला गोळी लागते आणि तो हसत प्राण सोडतो. ते काम पाहून स्टुडिओतले दिवेवालेसुद्धा रडले. मी केवढे फुशारले होते!

१९७६ साली मुंबईच्या एका महोत्सवानंतर आम्ही सातही रिळे स्वस्तात विकलो गेलो आणि यात्रांमधून फिरणाऱ्या चुडामण नानांच्या तंबू टॉकीजमध्ये आलो. यात्रेतल्या लोकांना फारसी कुठून कळणार? म्हणून मशीन चालवणारा भटू माईकवर जमशेदचे बोलणे अहिराणीत सांगायचा, “माय, मी चोर नही शे!” बाया डोळ्यांना पदर लावायच्या.

पण पहिल्याच खेळात जमशेद मेला आणि तंबूत रडारड झाली. नाना भडकले. “देवीनी यात्रामा मरन दखाडतस का? काप ते!” तेव्हापासून सहाव्या रिळातच, जमशेद तुरुंगातून सुटला की, खेळ संपू लागला. लोक खूश, आणि मी डब्यात.

एकदा तेहरानला नोकरी करून आलेले दीपनगरच्या वीज केंद्रातले एक इंजिनिअर खेळाला आले. म्हणाले, “नाना, तिकडे राज्य बदललं. याला पडद्यावर बंदी झाली, आता टॅक्सी चालवतो. याची रिळं जाळली म्हणतात.”

मी गारठले. म्हणजे त्याचे ते शेवटचे काम आता फक्त माझ्याजवळ उरले होते.

पुढे घरोघरी व्हिडिओ आला आणि तंबू उठला. झिजलेली सहाही रिळे नानांनी भंगारात घातली. माझाही डबा उचलला होता, तो भटूने हिसकावला. “नाना, हाऊ डबा देवाना नही. त्यामा जमशेद शे!”

आज भटूभाऊ थकले आहेत. माझ्या डब्यात आंबट वास सुटला आहे. रीळ सडू लागले की असा वास येतो. जमशेदचा हात पुसला गेला, आता डाग गालापर्यंत आलाय. मला फार भीती वाटते, मित्रांनो.

कुठे चालते मशीन असेल तर मला एकदा चढवा. त्याला पडद्यावर मरू द्या. असा डब्यात मारू नका.